चक्र तेच, ठसा वेगळा: अंगठ्याचं मोठं शिल्प घडवताना

एका माणसाच्या उजव्या अंगठ्याचं टोक तीसपट मोठं करून भिंतीवर लावायचं, लोकांनी त्याच्या रेघांवरून हात फिरवायचा, आणि तरीही तो ठसा कुठल्याही यंत्रावर त्या माणसाचा म्हणून चालू नये. काम एवढंच होतं. यात साचेकाम, छायाचित्रण आणि संगणकावरचं घडवणं, तिन्ही आलं. पहिल्या दोन गोष्टी शिकवणारे पुष्कळ भेटतात. तिसऱ्यातला अवघड भाग, म्हणजे ठशातून माणूस बाजूला काढणं, याबद्दल फारसं कुणी बोलत नाही. म्हणून सगळा क्रम इथे मांडतो आहोत.

अंगठाच हवा असला तरी साचा आम्ही पूर्ण हाताचा, मनगटापर्यंत घेतो. नुसतं बोट बुडवलं तर ते ताठ राहतं, टोक किंचित दाबलं जातं आणि अंगठ्याची नैसर्गिक कलती ठेवण हरवते. शिवाय ओळखीच्या या सगळ्या इतिहासाची सुरुवातच पूर्ण पंजाने झाली आहे. 1858 साली बंगालमधल्या जंगीपूरला विल्यम हर्शेल या अधिकाऱ्याने राज्यधर कोनाई या कंत्राटदाराकडून करारावर शाईने अख्ख्या पंजाचा ठसा घेतला. त्यातून पुढे बोटं तेवढी उरली. 1897 साली कलकत्त्यात ठशांचा विभाग उभा राहिला आणि अझीझुल हक व हेमचंद्र बोस यांनी ठशांच्या वर्गवारीचं गणित बसवलं. आपल्याकडे 29 सप्टेंबर 2010 रोजी नंदुरबार जिल्ह्यातल्या टेंभलीत पहिला आधार क्रमांक दिला गेला, तेव्हा दहा बोटं, दोन डोळ्यांच्या बुबुळांचे नमुने आणि चेहऱ्याचा फोटो एवढ्यात माणूस मावला होता. पंजा पुन्हा पूर्ण घेणं आम्हाला म्हणून महत्त्वाचं वाटतं. तळहातावरचे घट्टे, नखाशेजारची चीर, जुना व्रण यांना यंत्राच्या लेखी काही किंमत नाही. साच्यात मात्र ते सगळं येतं.

साच्याला दातांचे डॉक्टर वापरतात ते अल्जिनेट घेतो. ते समुद्री शेवाळापासून बनतं आणि दंतवैद्यकीय सामानाच्या दुकानात साधारण 450 ग्रॅमच्या पाकिटात मिळतं. पाकिटावरचं प्रमाण जबड्यासाठी असतं, वजनाने अंदाजे एकास दोन पाणी. हात बुडवण्यासाठी ते फार घट्ट होतं. 450 ग्रॅमला दीड लिटर पाणी घेतलं की पातळ पिठासारखं मिश्रण होतं आणि 11 सेंटीमीटर व्यासाच्या, 22 सेंटीमीटर उंचीच्या डब्यात हातासकट बरोबर बसतं. हाताभोवती सगळीकडून किमान एक सेंटीमीटर जागा हवी. बोट डब्याला टेकलं तर तिथे साच्याला भोक पडतं.

पाणी 15 ते 18 अंशांचं घ्या. उन्हाळ्यात नळाचं पाणी थेट वापरलं तर ढवळेपर्यंतच मिश्रण आवळतं. बोअरचं जड पाणीही नको. त्यातल्या कॅल्शियममुळे अल्जिनेट लवकर बसतं आणि गाठी राहतात. ड्रिलला पाती लावून 40-45 सेकंदांत ढवळून संपवायचं. हाताने ढवळलं तर तळाशी कोरडी भुकटी राहते. हात घालण्याआधी थोडं मिश्रण बोटांच्या टोकांवर आणि तळहातावर चोळून घ्यावं. हे वगळलं तर हवेचे बुडबुडे नेमके टोकांनाच चिकटून राहतात आणि ओतीव हातावर मोत्यासारखे फुगवटे येतात. आत गेल्यावर बोटं एकदा हलवायची आणि मग चार-पाच मिनिटं हात अगदी स्थिर ठेवायचा.

व्हॅसलीन फक्त मनगटाच्या आणि पंजाच्या मागच्या केसांना लावायचं, बोटांच्या टोकांना अजिबात नाही. ठशाच्या एका रेघेपासून दुसरीचं अंतर सुमारे अर्धा मिलीमीटर असतं आणि मधली खाच मिलीमीटरच्या दहाव्या भागाइतकी किंवा त्याहून उथळ. तेलकट थर ती खाच भरून टाकतो. त्वचेला मलमही नको. साबणाने धुऊन, पुसून लगेच काम सुरू करायचं. हात आधी बराच वेळ पाण्यात असेल तर टोकं सुरकुततात आणि त्या सुरकुत्याच साच्यात उतरतात. हातावर उघडी जखम असेल तर त्या दिवशी साचा घेत नाही.

एक गोष्ट ठासून सांगायला हवी. प्लास्टर ऑफ पॅरिसमध्ये जिवंत माणसाचा हात थेट कधीही बुडवू नका. प्लास्टर बसताना उष्णता सोडतं, जाड थरात ती बाहेर पडत नाही, आणि तोवर हात काढता येत नाही इतकं ते कडक झालेलं असतं. 2007 साली इंग्लंडमधल्या एका शाळेत कलेच्या तासाला असंच केल्याने एका मुलीला बहुतेक बोटं गमवावी लागली. हातापाशी फक्त अल्जिनेट, प्लास्टर नंतर.

हात बाहेर काढताना आधी बोटं हळूहळू वळवळवायची. आत हवा शिरली की साचा सोडतो. लगेच साचा उलटा धरून पाणी झटकायचं आणि कापडाची सुरळी करून बोटांच्या टोकांतला ओलावा टिपायचा. पाणी गोळा होतं ते टोकांतच, आणि तिथे प्लास्टर पातळ पडून खडूसारखं भुसभुशीत होतं. बाकी हात सुरेख आणि ठसे तेवढे पुसट अशी तक्रार ऐकली की कारण बहुतेक वेळा हेच निघतं. ओतायला उशीरही करू नका. अल्जिनेट हवेत पाणी सोडून आक्रसतं, पाण्यात ठेवलं तर फुगतं. दहा-पंधरा मिनिटांत ओतलेलं उत्तम.

ओतायला साधं पीओपी नाही, डेंटल स्टोन, म्हणजे दातांचे नमुने ओतायला वापरतात ते कडक प्लास्टर. पुढे दगड म्हणतो तो हाच. शंभर ग्रॅम भुकटीला 30 मिली पाणी, एका हाताला सुमारे 600 ग्रॅम भुकटी आणि 180 मिली पाणी. आधी दोन-तीन चमचे ओतून साचा फिरवायचा, म्हणजे प्रत्येक टोकात पातळ थर बसतो. मग बारीक धारेने भरत, टेबलावर ठोकत जायचं. करंगळी मोडते, म्हणून बोटांत आधारासाठी अ‍ॅल्युमिनियमची तार घालतो. लोखंडी तार गंजते आणि काही महिन्यांनी पिवळा डाग पृष्ठभागावर येतो. पाऊण तासाने साचा फाडून काढायचा. रात्रभर तसाच ठेवला तर अल्जिनेट दगडाचा पृष्ठभाग खातं.

आता हातात जे येतं ते पाहणं हाच या कामातला सगळ्यात मोठा आनंद आहे. तिरप्या उजेडात रेघा, त्यांवरची घामाची छिद्रंसुद्धा दिसतात. गवंड्याचा हात असेल तर चित्र वेगळं असतं. सिमेंट आणि चुना अल्कलीयुक्त, ते वर्षानुवर्षं त्वचेचा वरचा थर खातात. टोकं गुळगुळीत, तळहात मात्र भेगांनी आणि घट्ट्यांनी भरलेला. रेशनच्या दुकानात ज्यांचा ‘अंगठा लागत नाही’ त्यांच्यापैकी कित्येकांचे हात असे असतात. दगडात ओतला की त्या हाताबद्दल कुणाच्या मनात शंका उरत नाही. या कामाची मूळ प्रेरणा ती आहे.

पुढचा टप्पा संगणकात नेण्याचा. पूर्ण हात एकदम स्कॅन केला तर ठसे मिळत नाहीत, आणि त्याचं कारण समजून घेतलेलं बरं. 24 मेगापिक्सेलच्या कॅमेऱ्यात 20 सेंटीमीटरचा हात बसवला तर एक पिक्सेल 0.033 मिलीमीटरचा पडतो. कागदावर हे पुरेसं वाटतं. पण फोटोग्रामेट्रीत, म्हणजे फोटोंवरून त्रिमितीय आकार काढण्याच्या पद्धतीत, खोली ही अनेक फोटोंमधल्या समान खुणा जुळवून काढली जाते. पांढऱ्या एकसारख्या दगडावर खुणा कमी, आणि जी थोडी खोली सापडते ती आज्ञावली (सॉफ्टवेअर) खडबडीतपणा समजून गुळगुळीत करून टाकते. म्हणून अंगठ्याचं टोक वेगळं, मॅक्रो लेन्सने, वास्तवाच्या निम्म्या आकारात टिपतो. त्यात पिक्सेल 0.012 मिलीमीटरचा होतो.

एवढ्या जवळून एफ 8 ला, म्हणजे लेन्सचं छिद्र मध्यम ठेवून, जेमतेम मिलीमीटरभर भाग स्पष्ट येतो. छिद्र लहान करून एफ 22 वर गेलं तर विवर्तनामुळे, म्हणजे प्रकाश छिद्राच्या कडेला पसरल्यामुळे, सगळंच मऊ होतं. तेव्हा एफ 8 लाच अर्ध्या मिलीमीटरच्या टप्प्याने फोकस सरकवत प्रत्येक कोनातून पंधराएक फोटो घ्यायचे, ते एकत्र करायचे, आणि असे तीस-चाळीस कोन जमवायचे. दगडावर शिसपेन्सिलीच्या शिशाची बारीक पूड चोळून फुंकून टाकली की ती खाचांत राहते आणि जुळवणीला खुणा मिळतात. प्रकाश चारही बाजूंनी मऊ ठेवा. फिरत्या पाटावर वस्तू आणि दिवा मात्र स्थिर असं केलं, तर सावल्या वस्तूवरून सरकत जातात आणि आज्ञावलीला वाटतं पृष्ठभागच बदलला. तिरपा दिवाच हवा असेल तर वस्तू स्थिर ठेवून कॅमेरा फिरवा. फोटोग्रामेट्रीला आकार कळतो, माप कळत नाही. शेजारी मिलीमीटरची पट्टी ठेवायलाच हवी.

सोपा मार्गही आहे. बोटाला छपाईची शाई अगदी पातळ लावून गुळगुळीत कागदावर ठसा घ्यायचा, 1200 डीपीआयला स्कॅन करायचा आणि काळ्या-पांढऱ्याची उंच-खोल पातळी करून ब्लेंडर या त्रिमितीय आकार घडवण्याच्या आज्ञावलीत चढवायची. दुपारभरात काम होतं. पण कागदावर दाबल्याने कातडी पसरते, आणि रेघेला उतार उरत नाही, फक्त आहे किंवा नाही. सरकारी यंत्राला दिसतो तो अंगठा हा असा सपाट असतो. अमेरिकन चित्रकार चक क्लोज यांनी 1985 साली आपल्याच बोटांचे शाईचे ठसे उमटवत एका वृद्ध स्त्रीचं भलंमोठं व्यक्तिचित्र केलं. तिथे सपाट ठसा हेच माध्यम होतं, म्हणून तो शोभतो. आमच्या कामात लोकांनी हात फिरवायचा आहे, म्हणून उतार हवाच. आणि शाईचा मार्ग घेतलात तर चित्र आडवं उलटवायला विसरू नका. कागदावरचा ठसा बोटाची आरशातली प्रतिमा असतो. न उलटवता चढवलं तर करंगळीकडे उघडणारा शंख (रेघा वळून आल्या बाजूला परत जातात तो नमुना) अंगठ्याकडे उघडतो आणि उजवा हात डावा होऊन बसतो.

तीसपट केल्यावर अंगठ्याचं टोक साधारण 60 बाय 84 सेंटीमीटर होतं, दोन रेघांमधलं अंतर 15 मिलीमीटर. खोली मात्र अडीच मिलीमीटरच्या आसपास. हाताला ती जाणवते, डोळ्याला लांबून दिसत नाही. आम्ही खोली दुप्पट केली आणि माहितीच्या पाटीवर तसं लिहिलं. तिप्पट केली तर नांगरलेलं शेत दिसतं, कातडी दिसत नाही.

आता मुख्य अडचण. एवढा मोठा ठसा भिंतीवर लावला की समोर उभं राहून कुणीही मोबाइलवर फोटो काढेल आणि तीसने लहान करेल. त्या माणसाचा अंगठा जाहीर झाला. 2002 साली जपानमध्ये त्सुतोमु मात्सुमोतो या संशोधकाने जिलेटिनची बोटं करून त्या काळची ठसे वाचणारी यंत्रं फसवून दाखवली होती. आजची यंत्रं अधिक सावध आहेत, पण पासवर्ड बदलता येतो, अंगठा बदलता येत नाही. रफाएल लोझानो-हेमर या कलाकाराच्या 2010 च्या ‘पल्स इंडेक्स’ या कलाकृतीत प्रेक्षकांचे ठसे आणि नाडीचे ठोके पडद्यावर येतात, नवे ठसे जुन्यांना मागे ढकलतात आणि सगळ्यात जुना निघून जातो. पुसणं कामाच्या रचनेतच आहे. प्लास्टरमध्ये ती सोय नाही, म्हणून ठसाच बदलावा लागतो.

ठसा जुळवणारी यंत्रं चक्र की शंख याकडे फार लक्ष देत नाहीत. ती रेघ कुठे संपते आणि कुठे दुभंगते ते बिंदू शोधतात आणि त्यांची एकमेकांपासूनची अंतरं व कोन पाहतात. एका पूर्ण ठशात असे अनेक डझन बिंदू असतात. त्यामुळे चित्र फिरवून किंवा सरकवून काही साधत नाही, अंतरं तीच राहतात. ताणून पसरवलं तर पुन्हा आवळता येतं. बिंदूच बदलायला हवेत. संपणारी रेघ पुढे नेऊन जोडायची, दुभंगलेली एक करायची, सलग रेघेला मध्येच फाटा फोडायचा. ब्लेंडरच्या शिल्पकामाच्या हत्यारांनी हे होतं, पण एका जागी रेघ बंद केली की तिथे दोन रेघांची जागा रिकामी उरते आणि बोटाला खड्डा लागतो. शेजारच्या तीन-चार रेघा दोन्ही बाजूंनी थोड्या थोड्या सरकवून ती जागा वाटून द्यावी लागते. मधल्या चक्रापासून सुरुवात करून बाहेर जायचं. घाईने केलेलं काम डोळ्यांना पटतं, पण हात फिरवताच पकडलं जातं.

तपासायला अमेरिकेच्या मानक संस्थेची, म्हणजे एनआयएसटीची, विनामूल्य आज्ञावली आहे, एनबीआयएस. तिच्यातला माइंडटीसीटी बिंदू शोधतो आणि बोझॉर्थ3 दोन ठसे ताडून गुण देतो. प्रतिमा 500 डीपीआयची हवी, म्हणजे 20 मिलीमीटरच्या अंगठ्याला 394 पिक्सेल. शिल्पाचं वरून सरळ चित्र काढायचं, रेघा काळ्या आणि खाचा पांढऱ्या करायच्या, आडवं उलटवायचं आणि मूळ ठशाशी लावून पाहायचं. 40 च्या वर गुण आले तर जुळणी धरतात. आम्ही 20 च्या खाली येईपर्यंत थांबत नाही, कारण दुसऱ्या कुठल्या आज्ञावलीचा निकष वेगळा असू शकतो. आणि ज्याचा अंगठा आहे तो माणूस या वेळी शेजारी बसलेला असतो. आपला हात कुठवर आपला राहू द्यायचा हे त्याने पडद्यावर पाहून ठरवायचं. आम्हाला कामाचा गाभा हाच वाटतो: घरातलं माणूस बघताक्षणी ‘हे तर याचंच चक्र’ म्हणेल आणि यंत्र नाही म्हणेल, इतकाच फेरफार.

साचा घेण्याआधीच लेखी संमती घेतो. कुठली बोटं वापरणार, मूळ फोटो कुणाकडे राहणार, कधी पुसणार, हे सगळं त्यात असतं. दगडी हात त्या माणसालाच देतो, प्रदर्शनात ठेवत नाही, कारण त्यावर पाचही ठसे शाबूत असतात. मूळ फोटो आणि स्कॅन इंटरनेटला न जोडलेल्या डिस्कवर ठेवायचे. आधारची बायोमेट्रिक माहिती कुलूपबंद करण्याची सोय यूआयडीएआयने, म्हणजे आधार देणाऱ्या प्राधिकरणाने, दिली आहे. ती सुरू केली की रेशन किंवा बँकेत अंगठा लावण्यापूर्वी दर वेळी कुलूप उघडावं लागतं. ज्याला दर महिन्याला अंगठा लावूनच धान्य मिळतं त्याला हे नीट समजावून सांगा आणि निर्णय त्याच्यावर सोडा.

प्रत्यक्ष घडवणं त्या मानाने सरळ आहे. पीयू (पॉलियुरेथेन) फोमच्या ठोकळ्यातून सीएनसीवर, म्हणजे संगणकाने चालणाऱ्या कापयंत्रावर, आकार कापून घ्यायचा. शेवटचा हात 3 मिलीमीटरच्या गोल टोकाच्या पात्याने, प्रत्येक फेरी 0.4 मिलीमीटर सरकवत. थर्माकोल स्वस्त पडतो, पण त्यावर पुढे पॉलिस्टर रेझिन लागलं तर तो विरघळतो. फोमला सीलर देऊन वर सिलिकोनचे थर, त्यावर आधाराचं कवच. मग पीओपी. इथे पेणच्या गणपती कारखान्यांची रीत कामी येते: रबरी साच्यात पहिला पातळ थर, मग पीओपीत बुडवलेला काथ्या, म्हणजे दोन सेंटीमीटर जाडीतही तडा जात नाही आणि वाळल्यावर तुकडा दोघांना सहज उचलता येतो. भुकटी पाण्यात सोडायची, पाणी भुकटीत नाही. मिनिटभर भिजू देऊन मग बुडबुडे न आणता ढवळायचं.

पाण्याचं प्रमाण मुद्दाम जास्त ठेवलं, शंभराला ऐंशी. असं प्लास्टर मऊ राहतं. शेकडो हात फिरले की रेघांचे माथे झिजतात, गवंड्याच्या बोटाचे झिजतात तसे. कुणाला टिकाऊ वस्तू हवी असेल तर शंभराला साठ घ्यावं, पण मग हे काम दुसरं होईल. वाळवताना पन्नास अंशांच्या वर तापवू नका, जिप्सममधलं पाणी उडून पृष्ठभाग पिठासारखा होतो. पावसाळ्यात पंखा लावून वजन करत राहायचं आणि वजन उतरायचं थांबलं की वाळलं असं समजायचं. अर्धवट वाळलेल्या तुकड्याला मागून बुरशी धरते.

वर वार्निश किंवा रंग लावत नाही. टांगणी ओततानाच काथ्याच्या थरात गुंतवतो, कारण नंतर भोक पाडलं तर तडा तिथूनच सुरू होतो. शिल्पाचा मध्य जमिनीपासून सुमारे 120 सेंटीमीटरवर ठेवला की उभ्या मोठ्यांना, मुलांना आणि चाकाच्या खुर्चीत बसलेल्यांनाही हात पोचतो. दिवा बाजूने, भिंतीशी वीस अंशांच्या आत. समोरून टाकला तर रेघा नाहीशा होतात. प्रदर्शन संपलं की सिलिकोनचा साचा त्या माणसासमोर कापतो आणि मूळ स्कॅनची डिस्क त्याच बैठकीत पुसतो. शिल्प झिजून सपाट झालं तरी नवं ओतायचं नाही, हेही संमतीपत्रात आधीच लिहिलेलं असतं.